हजेरीपटावरची नावं
(स्नेहमेळाव्यातील मनोगत)



आपल्या तुकडीत माहितीपट काढणारी मी एकटीच, म्हणून चार शब्द बोलायला सांगितलंत. मनापासून आभार.

पाचवीतली हजेरी आठवते? दिवाळीची सुट्टी संपली की मागचे दोन-तीन बाक रिकामे असायचे. सर नाव घ्यायचे आणि आपण एका सुरात ओरडायचो, "कारखान्यावर!" वर हसायचोही. बीड जिल्ह्यात वाढलेल्या कुणालाही या शब्दाचा अर्थ वेगळा सांगावा लागत नाही.

मला तो खरा कळला कॅमेरा घेऊन उसाच्या फडात गेले तेव्हा. नवरा-बायको मिळून एक कोयता. हंगामाआधी मुकादमाकडून घेतलेली उचल फेडायची, म्हणून पहाटे अंधारातच तोडणी सुरू. एक दिवस बुडाला की खाडा, त्याचे पैसे कापले जातात. पाळी, बाळंतपण, आजारपण, सगळं त्या खाड्याच्या हिशेबात. २०१९ साली सरकारी समितीनं पाहणी केली. जिल्ह्यातल्या ८२ हजारांवर ऊसतोड महिलांपैकी १३ हजारांवर जणींची गर्भपिशवी काढलेली निघाली.

त्यातलीच एक बाई कोपीसमोर बसून माझ्याशी बोलली. माझ्या फिल्ममधला तोच सगळ्यात बोलका भाग. फिल्म पुरी झाल्यावर तिच्या गावात पडदा बांधून आधी तिथंच दाखवली. संपल्यावर ती जवळ आली. "ताई, बोलले ते खरंच हाय. आवाज राहू द्या, तोंड काढा. पोरीची सोयरीक व्हायचीय."

खरं सांगते, मला ते जड गेलं. तिची परवानगी होती, कागदावर सही होती. रात्रभर झोप नाही. पण सही माझ्या सोयीची होती आणि पोर तिची. सकाळी चेहरा काढला. आता तिथं फक्त तिचे हात दिसतात.

आनंद पटवर्धनांच्या 'हमारा शहर' (१९८५) या माहितीपटात झोपडपट्टीतली एक बाई त्यांनाच सुनावते, की गरिबांचे फोटो काढून उपयोग काय? त्यांनी तो प्रसंग फिल्ममध्ये ठेवला. मलाही तो प्रश्न रोज पडतो. पुरतं उत्तर माझ्याकडे नाही. एवढंच पाळते: ज्यांची गोष्ट, त्यांना आधी दाखवायची आणि त्यांनी काढ म्हटलं की काढायचं.

शेवटी एक विनंती. आजच्या मेळाव्याची यादी आपण दहावीच्या निकालावरून केली. त्या कामात मीही होते. त्याआधीच ज्यांची शाळा सुटली, ते यादीत आलेच नाहीत. पुढच्या वेळी पाचवीचा हजेरीपट काढू या. एकेक नाव घेऊ. कुणी "कारखान्यावर" म्हणालं, तर या वेळी हसायचं नाही. कुठल्या कारखान्यावर ते विचारायचं, आणि आमंत्रण घेऊन तिथं जायचं.