'इतर'मध्ये कोण राहतं?

आज एका हॉटेलची गोष्ट सांगते.

न्यूयॉर्कमध्ये मॅडिसन अव्हेन्यू आणि ४१व्या रस्त्याच्या कोपऱ्यावर 'लायब्ररी हॉटेल' आहे. गेल्या वर्षी कंपनीच्या कामाला गेले, तेव्हा दोन रात्री तिथे राहिले. खोल्या ६०, पुस्तकं ६ हजारांच्या वर. आणि खोल्यांच्या प्रत्येक मजल्याला एक विषय. पाचवा मजला गणित-विज्ञान, सहावा तंत्रज्ञान, आठवा साहित्य. लायब्ररीत पुस्तकं लावायची ड्युई दशांश पद्धत असते ना, तिचे १० वर्ग म्हणजे इथले १० मजले. मेलव्हिल ड्युईने ही पद्धत १८७६ मध्ये प्रसिद्ध केली.

मला हे आकडे नवीन नव्हते. माझी आई कॉलेजच्या लायब्ररीत कामाला होती. शाळा सुटली की मी तिच्या टेबलाशी बसून पुस्तकांवर लेबलं चिकटवायचे. मराठी साहित्य म्हणजे ८९१.४६, हे मला पाढ्यासारखं पाठ होतं.

रात्री तिला व्हिडिओ कॉल केला. तिकडे सकाळ. तिचा पहिला प्रश्न, "आपलं ८९१ कुठे आहे गं तिथे?"

म्हटलं, साहित्य म्हणजे आठवा मजला. पण मग डोक्यात किडा वळवळला. ८००चा वर्ग बघा. ८१० अमेरिकन, ८२० इंग्रजी, ८३० जर्मन, मग फ्रेंच, इटालियन, स्पॅनिश, लॅटिन, ग्रीक. प्रत्येकाला स्वतंत्र कप्पा. आणि ८९०? उरलेलं जग. रशियन, अरबी, चिनी, मराठी, सगळे एकाच कप्प्यात दाटीवाटीने. कप्पे पाडणाऱ्याच्या जवळचे जे, ते ऐसपैस.

आई हसली. "म्हणून तर आपला नंबर एवढा लांब. बारीक पुस्तकाच्या पाठीवर मावायचाच नाही."

ड्युईला नावं ठेवायला मी तयारच होते. तेवढ्यात आठवलं, आमच्या ॲपचा साइन-अप फॉर्म मीच लिहिलाय. भाषा निवडा: इंग्रजी, हिंदी, इतर. टीममध्ये आम्ही तिघं मराठी, पण कोणालाच खटकलं नव्हतं. वर 'इतर' म्हणजे नेमकी कुठली भाषा, हे आम्ही साठवतच नव्हतो. मग मीटिंगमध्ये "मराठी युजर आहेतच कुठे?" असं विचारायला मोकळे! डेटात नाहीत, म्हणजे नाहीतच.

परत आल्यावर तिकीट टाकलं. कोड बदलायला अर्धा तास लागला, लोकांना पटवायला तीन आठवडे. आता यादीत मराठी आहे. 'इतर' अजून आहेच, कारण यादी कुठेतरी संपवावी लागते. पण त्याच्या शेजारी आता लिहायला जागा आहे: तुमची भाषा कोणती? पहिल्याच आठवड्यात कोणीतरी लिहिलं, अहिराणी.

तुम्हीही फॉर्म बनवत असाल, ॲप, एक्सेल, काहीही, तर एकदा उघडून बघा. तुमच्या 'इतर'मध्ये कोण राहतंय?

भेटू पुढच्या भागात.