सांधा कुठे बदलतो?



उत्तरायणाचे फाटके पतंग अजून भेस्तानच्या तारांवर लटकलेले आहेत, आणि मंडळाने मला ‘काळ’ या विषयावर बोलायला सांगितले आहे. मी काही पदार्थविज्ञानाचा माणूस नाही. म्हणून एका कथेचे बोट धरतो : डॉ. जयंत नारळीकरांची ‘गंगाधरपंतांचे पानिपत’.

कथा तुमच्यापैकी अनेकांनी वाचली असेल. मुलांनी अकरावीच्या इंग्रजी पुस्तकातही वाचली असेल. इतिहासाचे प्राध्यापक गंगाधरपंत गायतोंडे यांना पुण्यात ट्रकचा धक्का लागतो, आणि ते अशा मुंबईत पोचतात जिथे ईस्ट इंडिया कंपनी अजून नांदते आहे. एशियाटिकच्या ग्रंथालयात त्यांना कारण सापडते. १४ जानेवारी १७६१ रोजी पानिपतावर विश्वासरावांना लागलेली गोळी या जगात लागलीच नव्हती. ती कानाजवळून निघून गेली, आणि मराठे जिंकले.

हे कसे घडले, याची उपपत्ती कथेच्या शेवटी एक शास्त्रज्ञ मित्र सांगतो. तिचे दोन भाग आहेत. पहिला फ्रेंच गणिती रने थॉम यांच्या ‘कॅटास्ट्रॉफी थिअरी’चा. लूमच्या खात्यात काम केलेल्याला तो वेगळा समजावायला नको. ताण्याचा सूत हळूहळू ताणत जातो, बराच वेळ काही होत नाही, आणि मग एका क्षणी तुटतो. कारण हळू वाढते, परिणाम मात्र एकदम होतो. सैन्याचे मनोधैर्यही असेच तुटते.

दुसरा भाग पुंजविज्ञानाचा. इलेक्ट्रॉन नेमका कुठे सापडेल हे आधी सांगता येत नाही, फक्त शक्यता सांगता येते. १९५७ मध्ये ह्यू एव्हरेट या अमेरिकन संशोधकाने असा विचार मांडला की या सगळ्या शक्यता आपापल्या जागी खऱ्या असतात. जणू जगालाच फांद्या फुटतात. पण एका फांदीवरून दुसरीवर जायची वाट एव्हरेट यांनी दिली नव्हती. ती नारळीकरांच्या कल्पनेने दिली. अपघाताच्या क्षणी पंत पानिपताचाच विचार करत होते, म्हणून ते पलीकडे गेले. इथे विज्ञान संपते आणि कथा सुरू होते.

ही सीमा नारळीकरांना चांगली ठाऊक होती. काळ पुढेच का वाहतो, हा त्यांच्या संशोधनाचाही विषय होता. विद्युतचुंबकत्वाची समीकरणे काळ उलटा केला तरी तशीच राहतात. मग दिवा लागल्यावरच उजेड का पोचतो, आधी का नाही? १९६० च्या दशकात फ्रेड हॉइल आणि नारळीकरांनी याचे उत्तर विश्वाच्या रचनेत शोधले. असा माणूस कथा लिहितो तेव्हा खेळसुद्धा हिशेबाने खेळतो. २० मे २०२५ रोजी ते गेले; कथा आपल्याकडे राहिली.

आता भेस्तानकडे येतो. आपल्या स्टेशनाजवळ ताप्ती मार्गाचा एक जोडरूळ मुंबईच्या मुख्य मार्गाला मिळतो. मुंबईहून येताना सांधा इकडे पडला तर गाडी खानदेशात, तिकडे पडला तर सुरतेला. आपल्यातले कितीतरी जण याच ताप्ती मार्गाने आले. माझे वडील दोंडाईचाहून निघाले, पावसाने शेत दिले नाही म्हणून. आई पुढे कितीतरी वर्षे विचारायची : त्या दिवशी त्यांची गाडी चुकली असती तर? तिच्या मनात त्या चुकलेल्या गाडीमागे एक पूर्ण गाव होते. त्यात विहिरीला पाणी होते, दारात बैल होते, आणि रात्रपाळी नव्हती.

तुमच्याही घरात अशी एखादी चुकलेली गाडी असेलच.

एकदा मी आईला ही कथा वाचून दाखवली. मराठे जिंकले तिथे ती खूष झाली. पण पंत त्या वैभवशाली मुंबईत आपल्या मुलाला भेटायला त्याच्या कचेरीत जातात. तिथे सांगितले जाते की या नावाचा कोणी इथे नोकरीला नाही. आई म्हणाली, “थांब.” थोड्या वेळाने म्हणाली, “गाडी भेटनी तेच बरं व्हयनं.” त्यानंतर तिने तो प्रश्न पुन्हा विचारला नाही.

पानिपत जिंकलेल्या जगात पंतांचा मुलगा सापडत नाही. मला या उपपत्तीचा खरा अर्थ इथे दिसतो. इतिहासातला एक सांधा बदलला की पुढची सगळी माणसे बदलतात. हवे ते बदलून घ्यावे आणि आपली माणसे तशीच ठेवावीत, अशी सोय काळात नाही. ‘झाले नसते तर’ म्हणताना आपण समोर बसलेल्यालाच पुसत असतो.

मागचा सांधा आपल्या हातात नाही. पुढचा आहे. दर जूनला इथल्या घराघरांत ठरते की मूल मराठी शाळेत जाईल, गुजराती की इंग्रजी. महापालिकेच्या मराठी शाळा सुरतेत आहेत; त्या पटावर चालतात, आणि पट हळूहळू उतरला तरी वर्ग बंद होतो तो एकदम. ताण्याचा सूत आठवा. कोणती शाळा घ्यावी हे मी सांगणार नाही. पोटाचा हिशेब ज्याचा त्याला ठाऊक. एवढेच म्हणतो की तो निर्णय सांधा समजून घ्या, सवयीने नको. आणि शाळा कुठलीही असो, आजीने विचारलेला प्रश्न नातवाला कळावा, एवढी मराठी घरात राहू द्या.

पंत त्या दुसऱ्या मुंबईत आझाद मैदानावरच्या सभेत अध्यक्षांच्या रिकाम्या खुर्चीवर जाऊन बसले, आणि लोकांनी त्यांना अंडी-टोमॅटो मारले. तिथे लांब भाषणांना लोक कंटाळले होते. आपण अजून त्या फांदीवर नाही, हे माझे नशीब. थांबतो.