विणा आणि काठवट

(शताब्दी सप्ताहात सहाव्या दिवशी दुपारी मंडपात केलेले भाषण)





आमचं शिक्षण चौथी. पुढचं जे काही आलं ते नांगरामागं आणि टाळकऱ्यांत उभं राहून आलं. हे भाषण पुस्तकात छापायचं आहे, जरा बेतानं बोला, असं संपादक मंडळींनी बजावलंय. प्रयत्न करतो. उद्या काल्याचं कीर्तन आहे, त्यात शास्त्र-पुराण ऐकालच. आज आम्हाला बोलायचंय ते पिठलं-भाकरीवर.

हसू नका. दिंडीला शंभर वर्षं झाली म्हणून जुन्या वह्या बाहेर काढल्या. विणा कोणाकोणाच्या गळ्यात होता, पताका कोणी धरली, चोपदाराचा मान कोणाकडं, सगळं सापडलं. भिशीचा हिशेबही सापडला. पीठ किती पायली, डाळ किती शेर, गूळ किती, मीठ किती. पण ते पीठ मळलं कोणी, त्या एकाही बाईचं नाव वहीत नाही. शंभर वर्षं दिंडी जेवली, आणि जेवू घालणारीचं नाव कोणी लिहिलं नाही. हे वाचलं त्या रात्री आम्हाला झोप आली नाही. कारण त्यातली एक आमची आजी होती, आणि एक आमची आई.

आमची आजी आजोबांच्या मागोमाग दिंडीत गेली. तेव्हा टेम्पो नव्हता, टँकर नव्हता. एका बैलगाडीत राहुटी, भांडी आणि शिधा. घरून निघताना दुधात मळलेल्या दशम्या आणि शेंगदाण्याची चटणी फडक्यात बांधलेली, ती दोन-तीन दिवस पुरायची. मग पुढं तीन दगडांची चूल, वाटेत गोळा केलेलं सरपण, आणि बाभळीच्या लाकडाची एक काठवट. ही काठवट आजीची. दिवसभर ती माउलीच्या मागं चालायची, मुक्कामाला आली की डोक्यावरची तुळस उतरवायची आणि काठवटीपुढं बसायची. बाकीचे पाय दाबून घ्यायचे, मग हरिपाठाला उभे राहायचे.

आजीचं पिठलं कसं होतं ते सांगतो, म्हणजे तरुण पोरींनाही कळेल आणि पोरांनाही. मापटंभर हरभऱ्याच्या डाळीचं पीठ असलं तर दोन शेर पाणी, म्हणजे पिठाच्या चौपट. फोडणी मोहरी-जिऱ्याची, लसूण ठेचून, हिरवी मिरची, हळद. पाणी टाकून खळखळ उकळी येऊ द्यायची. मग एका हातानं पीठ वैरायचं आणि दुसऱ्या हातानं हाटत राहायचं. हात थांबला की गुठळी झाली. वाईट साल असलं तर हरभऱ्याऐवजी हुलग्याचं पीठ, बाकी रीत तीच. खाली बसलेली खरवड मात्र आजी उलथन्यानं काढायची आणि पोरांना वाटून द्यायची. त्या खरवडीसाठी आम्ही भावंडं भांडलोय, मंडळी. आजही कढई खरवडल्याचा आवाज आला की आम्ही सहा वर्षांचे होतो.

आणि भाकरी. ज्वारीच्या पिठात गव्हासारखा चिकटपणा नसतो. म्हणून पीठ ताजं पाहिजे. जुनं झालं की त्याची विरी जाते, भाकरी थापताना कडा फाटतात. पाणी आधणाचं घ्यायचं. सगळं पीठ एकदम मळून ठेवायचं नाही, एका भाकरीपुरतं घ्यायचं आणि तळहाताच्या टाचेनं रगडायचं. थापून तव्यावर टाकताना पिठाची बाजू वर, तिच्यावर पाण्याचा हात फिरवायचा. पाणी सुकलं की उलटायची, मग आराला लावायची. फुगली की पापुद्रा सुटतो. आजी म्हणायची, "भाकरीला घाई कळती. मन थाऱ्यावर नसलं की ती फुटती."

हे आजीनं आईला शिकवलं. शिकवलं म्हणजे काय, बसवलं जवळ. विण्याचं जसं आहे तसंच. विणा दिंडीत कधी खाली ठेवत नाहीत. एकाच्या गळ्यातला काढून दुसऱ्याच्या गळ्यात घालतात आणि एकमेकांच्या पाया पडतात. काठवटही तशीच या हातातून त्या हातात गेली. फक्त तिच्या पाया कोणी पडलं नाही.

१९७२ चा दुष्काळ आमच्या आठवणीतला. शाळा सुटलेली, आम्ही खडी फोडायच्या कामावर. तिथं सुकडी मिळायची. रेशनवर मिलो यायची, तांबडी ज्वारी, परदेशातली. तिच्या भाकरीला ना चव ना वास. आईनं त्याही वर्षी पिठलं केलं, एवढं पातळ की ताटलीतला तळ दिसायचा. आम्ही म्हणालो, "आये, हे पिठलं नाय, पाणी हाय." आई म्हणाली, "बाळा, फुडच्या साली घट्ट व्हईल. रीत मोडायची न्हाई." त्या वर्षी भूक भागली की नाही ते आठवत नाही, पण ती लसणाची फोडणी आठवते. चूल पेटलीय, आई बसलीय, म्हणजे आपण वाचणार, एवढं त्या वासानं कळायचं.

आता आमची चूक सांगतो. कीर्तनकारानं दुसऱ्याला उपदेश करायच्या आधी आपलं सांगावं.

उजनीचं धरण १९८० ला पुरं झालं. पुढं कालव्याचं पाणी आमच्या शिवारात आलं आणि आम्ही ऊस लावला. उसानं पैसा दिला, पोरांची शिक्षणं झाली, घर बांधलं. त्याला नावं ठेवणार नाही. पण आधी एक एकर, मग चार एकर, असं करता करता ज्वारी बांधापुरतीही राहिली नाही. ज्वारीला पाखरं राखावी लागतात, काढणीला माणूस मिळत नाही, उसाला तोड कारखान्याकडून येते. ज्या सोलापूर जिल्ह्यात मंगळवेढ्याची मालदांडी, जिथं दामाजीपंतांनी दुष्काळात धान्याची कोठारं भुकेल्यांना उघडी केली, त्याच जिल्ह्यातले आम्ही शेतकरी, आणि पोतं भरून ज्वारी बाजारातून आणायला लागलो. कीर्तनात दामाजीपंतांचं आख्यान लावायचो, डोळ्यांतून पाणी काढायचो, आणि घरी कणगी रिकामी.

दुसरी चूक. तीन वर्षांमागं दिंडीच्या बैठकीत भिशी ठेकेदाराला द्यावी हा ठराव मांडला तो आम्हीच. कारणं खरी होती. दिंडीत माणूस दोनशे झालं. दोनशे माणसाला दोन-दोन भाकरी म्हटलं तर चारशे भाकरी. किलोच्या पिठात आठ-दहा होतात, म्हणजे चाळीस-पन्नास किलो पीठ, एका वेळेचं. थापणाऱ्या बाया साठीच्या पुढं गेलेल्या, सुना नोकरीला. ठराव झाला. ठेकेदाराचं जेवण वाईट होतं असं आम्ही म्हणणार नाही. पंगत वेळेवर बसली, पुरी-भाजी, बुंदी, सगळं गरम. आम्हीही जेवलो आणि ढेकर दिली.

त्याच वर्षी वारीहून आलो आणि आई अंथरुणाला खिळली. वय अठ्ठ्याऐंशी. अन्न सुटत चाललं. सून गुणाची आहे, मऊ भात, पेज, फळांचा रस, सगळं करायची. आई तोंड फिरवायची. एका संध्याकाळी म्हणाली, "पिठल्यात भाकरी कुस्करून दे."

एवढंच मागितलं. सुनेनं लगेच पिठलं टाकलं. भाकरीला बसली तर डब्यातलं पीठ महिन्याचं, विरी गेलेलं. भाकरी तीनदा फुटली. आमच्या मंडळींना भाकरीचा हात होता, पण मनगटाचं दुखणं, रगडणं होईना. गिरणी बंद झालेली. कधीकाळी ज्या घराचं पेव ज्वारीनं भरलेलं असायचं, त्या घरचे आम्ही वाटी घेऊन ताजं पीठ मागायला बाहेर पडलो. तिसऱ्या घरी मिळालं. वेशीजवळच्या आक्का, आपल्या दिंडीतल्याच, पंचाहत्तरीच्या. त्यांच्याकडं अजून अर्धा एकर ज्वारी असते.

पीठ देताना म्हणाल्या, "महाराज, थापनार कोन?" आम्ही गप्प. त्यांनी पदर खोचला आणि पिठाचा डबा काखेत घेऊन आमच्या घरी आल्या. चुलीपुढं बसल्या आणि विचारलं, "मोठ्या बाईंची काठवट कुठंय?"

काठवट गोठ्यात होती. तिच्यात आम्ही वासराला पेंड भिजवून द्यायचो.

आम्ही ती उचलली, हौदावर नेली, राखेनं घासली, दोनदा, तीनदा. अंधार होता ते बरं झालं.

आक्कांनी दोन भाकरी केल्या. आईला कुस्करून भरवली. तिनं दोन घास घेतले, डोळे मिटले, आणि म्हणाली, "हात माझ्या सासूचा हाय."

आम्हाला वाटलं, म्हातारपणी बुद्धी फिरली. आजीला जाऊन चाळीस वर्षं झालेली. पण आक्का रडायला लागल्या. म्हणाल्या, "खरं हाय, महाराज. मी नवी सून म्हनून दिंडीत आले तवा मला भाकरी येत नव्हती. मोठ्या बाईंनी ह्याच काठवटीपाशी बसवलं. वाखरीच्या तळावर पयली फुगली."

नऊ दिवसांनी आई गेली. पण ते वाक्य आमच्यापाशी ठेवून गेली. मंडळी, आमच्या घरची रीत आमच्या घरातून गेली होती. रक्ताच्या वारसानं ती गोठ्यात टाकली. ती सांभाळली आपल्या दिंडीनं. ज्यांचं आमचं नातं नाही, जात एक नाही, त्यांच्या हातात आमची आजी जिवंत होती. आपण म्हणतो घरची चव, घरचा वारसा. अहो, दिंडीत कोण कोणाच्या जवळ बसून काय शिकलं याचा हिशेब कोणी ठेवलाय का? तुमच्या आज्यांचे हातही असेच कोणाकोणाच्या घरात गेलेले असतील. मग दिंडीचीच चूल विझली तर ते हात शोधायला वाटी घेऊन कोणाच्या दारात जायचं?

म्हणून उद्याच्या बैठकीत आम्ही आमचाच ठराव बदलायला सांगणार आहोत. ठेकेदार बंद करा असं नाही. दोनशे माणसांचा रोजचा भार पुन्हा बायांच्या पाठीवर टाकणं पाप होईल. आजी पंचेचाळीस वर्षं वारीला गेली, पण तिनं एक कीर्तन धड ऐकलं नाही. तिला ते धुराआडून ऐकू यायचं. आम्ही पुढं उभे राहून नाम घ्यायचो, आणि जी आम्हाला उभं राहायचं बळ देत होती ती मागं होती. ते परत नको.

आमचं मागणं एवढंच. आषाढ शुद्ध नवमी, कांदेनवमी, पंढरी दोन दिवसांवर आलेली असते. चातुर्मासाआधी कांदा खायचा तो शेवटचा दिवस. त्या दिवशी पूर्वी दिंडीत भरपूर कांदा घातलेलं पिठलं आणि भाकरी असायची. तेवढी एक पंगत आपण आपल्या हातानं करू. ज्वारी प्रत्येक घरानं पायलीभर आपल्या रानातली द्यायची. ज्याच्या रानात नाही त्यानं दहा गुंठे तरी पेरायची. थापायला येतं त्या बायांनी फक्त शिकवायला बसायचं. दळण आणणं, सरपण, पाणी, मळणं, वाढणं, भांडी घासणं पुरुषांनी करायचं. आणि हरिपाठाला शिकवणाऱ्या बाया पहिल्या रांगेत. पांडुरंगानं जनाबाईंचं दळण दळलं, त्याला कमीपणा वाटला नाही. आपण काय त्याच्याहून मोठे?

आम्ही सुरुवात केलीय. गेल्या हस्ताच्या पावसावर एक एकर मालदांडी पेरली. पाखरांनी खाल्ली, तरी आठ पोती झाली. दर गुरुवारी संध्याकाळी आक्का आमच्या घरी येतात. काठवटीपुढं सून बसते, नातू बसतो, आणि आम्हीही बसतो. सुनेची आता फुगते. नातवाची भाकरी गोल होत नाही, पण फुटतही नाही. आमची अजून फुटते. आक्का म्हणतात, "महाराज, मन थाऱ्यावर न्हाई." आजीचंच बोलणं, त्यांच्या तोंडून.

शेवटची एक विनंती संपादक मंडळींनी मान्य केली आहे. या पुस्तकाच्या मागं दोन पानं कोरी सोडली आहेत. घरी गेल्यावर तुमच्या घरातून दिंडीत ज्या ज्या बायांनी चूल सांभाळली, त्यांची नावं आपल्या हातानं तिथं लिहा. लिहिता येत नसलं तर नातवाकडून लिहून घ्या. आम्ही पहिल्या ओळीवर दोन नावं लिहिणार आहोत आणि तिसरं आक्कांचं.

बोलण्यात अधिकउणं झालं असेल तर लेकरू समजून पदरात घ्या.

पुंडलिक वरदा हरी विठ्ठल!