डब्याची पंगत आणि कामाचा ताण

लोधीखेडा, सौंसर, पांढुर्णा हा मध्य प्रदेशातला मराठी मुलूख. घरात मराठी, कचेरीत हिंदी. जवळच बोरगावचं औद्योगिक क्षेत्र.

समजा, तिथल्या एका कारखान्यात दोघांना एकाच दिवशी साहेबांची तंबी मिळाली. एक कायम कामगार, चौघांत बसणारा. डबा उघडता उघडता तो मन मोकळं करतो. दुसरा ठेक्यावरचा, परगावचा. तो कोपऱ्यात एकटाच जेवतो आणि साहेबांचं बोलणं मनात घोळवत राहतो. तंबी एकच, ताण मात्र वेगळा.

असं का? माणूस स्वतःला आपल्या गटावरूनही ओळखतो, हे मानसशास्त्रज्ञ हेन्री ताजफेल आणि जॉन टर्नर यांनी १९७९ मध्ये मांडलं. म्हणूनच आपल्या माणसाने केलेली मदत आधार वाटते; परक्याने केलेली तीच मदत कधी उपकार, कधी टोमणा वाटते. पण ‘आपल्यात कुणी रडत नाही’ असा दंडक असला, तर आपलीच माणसं तोंड बंद करतात.

म्हणून मुकादमांनो, नव्या माणसाला पहिल्याच दिवशी पंगतीत घ्या; जात, बोली, ठेका विचारू नका. आणि झोप उडाली, कामात जीव लागेना, तर टेली-मानस या सरकारी मानसिक आरोग्य सेवेच्या १४४१६ या क्रमांकावर बोला. ही सेवा मोफत आहे, चोवीस तास.