सभामंडपाच्या भिंतींवर काय लिहावे?

(मंदिर जीर्णोद्धार सोहळ्यातील भाषणाचा मजकूर)



देवळाचा जीर्णोद्धार संपत आला, फरशी बसली, कळसाला रंग लागला, की समितीपुढे एक प्रश्न हमखास उभा राहतो. सभामंडपाच्या भिंती कोऱ्या दिसू लागतात आणि ज्याला त्याला वाटते, येथे चार बोधवचने हवीत. कोणी कॅलेंडरावरचे वाक्य सुचवितो, कोणी बाजारातला तयार तक्ता आणून देतो, कोणी मोबाईलवर सकाळी आलेला सुविचार वाचून दाखवितो. प्रश्न किरकोळ वाटतो खरा. परंतु शाळेच्या फळ्यावरचा सुविचार दुसऱ्या दिवशी पुसला जातो. देवळाच्या भिंतीवरचा दोन पिढ्या राहतो. आजीचे बोट धरून प्रदक्षिणा घालणारे पोर पुष्कळदा वाचायला शिकते तेच मुळी या अक्षरांवर.

पुणे शहराला भिंतीवर लिहिण्याची हौस जुनी आहे. दुपारी एक ते चार दार वाजवू नये, हेही तेथे पाटी लावून सांगतात. त्या पाट्यांना सगळा महाराष्ट्र हसतो. पण त्यांचा एक गुण कोणी ध्यानात घेत नाही: लिहिणाऱ्याला काय म्हणायचे ते पक्के ठाऊक असते, आणि तो लिहितो तसाच वागतो! २०१७ साली ११ आणि २०२१ साली २३ गावे पुणे महापालिकेच्या हद्दीत घेतली गेली. अशा गावांत शेते गेली, इमारती आल्या, वेस कोठे होती तेही मुलांना सांगावे लागते. देऊळ मात्र गावाचे राहिले. नव्याने राहावयास आलेल्या बिऱ्हाडाला गाव कसे आहे हे कळते ते या देवळात पाऊल टाकल्यावर. म्हणून येथील अक्षरांना वजन आहे.

पहिली गोष्ट, वचन ज्याच्या नावावर लिहावयाचे त्याचेच आहे काय, हे पाहावे. देशभरातील दुकानांत व बँकांत ग्राहकाचा महिमा सांगणारी एक पाटी महात्मा गांधींच्या नावाने लागलेली असते. गांधीजींच्या संकलित लेखनाचे शंभर खंड प्रसिद्ध आहेत; त्यांत ते वाक्य अभ्यासकांना सापडलेले नाही. १९४१ साली ते अमेरिकेतील एका मोटार कंपनीच्या विक्रीप्रमुखाच्या नावाने छापलेले मात्र आढळते. दुकानात हे एक वेळ चालून जाईल. देवळात तुकोबांच्या नावाखाली भलत्याचे वाक्य लिहिले, तर उद्याची मुले त्यालाच तुकोबा समजतील.

जीर्णोद्धार केवळ दगडांचाच होतो असे नाही. ज्ञानेश्वरी शके १२१२ मध्ये नेवाशास सांगितली गेली. पुढे नकलामागून नकला होत गेल्या आणि तिच्यात अशुद्ध पाठ शिरले. सुमारे तीनशे वर्षांनी, शके १५०६ म्हणजे १५८४ साली, पैठणच्या एकनाथ महाराजांनी तिची शुद्ध प्रत सिद्ध केली, आणि यापुढे कोणी आपली ओवी यात घालू नये, असे बजावून ठेवले. नाथ स्वतः थोर कवी. पदरच्या दोन ओव्या घातल्या असत्या तर त्यांना कोण हटकणार होते? पण त्यांनी तो मोह टाळला. खुद्द पुण्यात भांडारकर प्राच्यविद्या संशोधन मंदिराने महाभारताची चिकित्सक आवृत्ती काढण्याचे काम १९१९ साली हाती घेतले, हजारावर हस्तलिखिते तपासली, आणि ते १९६६ साली तडीस गेले. मूळ शब्द कोणते, एवढ्यासाठी ४७ वर्षे! गावाच्या समितीने निदान चार रविवार द्यावयास हरकत नसावी.

शुद्धलेखनाचाही येथे एक घोटाळा होतो. अभंग जुन्या वळणाने लिहिलेला असतो आणि कोणी उत्साही माणूस तो आजच्या मराठीत ‘सुधारून’ देतो. साहित्य महामंडळाचे १९६२ साली १४ नियम झाले, १९७२ साली त्यांत ४ वाढले. त्या नियमांतच म्हटले आहे की जुन्या पद्यातील उतारे मुळाप्रमाणे छापावेत. तेव्हा संतवाणीला हात लावू नये. देहूच्या गाथा मंदिरात संगमरवरी भिंतींवर तुकोबांचे अभंग कोरलेले आहेत. अवघी गाथा लिहिण्याची हौस प्रत्येक गावाने धरू नये. पाच-सहा वचने पुष्कळ झाली. भिंत भरली की वाचणारा वाचीत नाही.

आता खरी अवघड गोष्ट. समतेचे वचन सर्वांना आवडते आणि बहुधा तेच पहिल्याने निवडले जाते. पण १९२९ च्या ऑक्टोबरात काय झाले ते आठवावे. शिवराम जानबा कांबळे, पां. ना. राजभोज यांच्या पुढाकाराने पर्वतीचे मंदिर अस्पृश्य मानलेल्या बांधवांना खुले व्हावे म्हणून सत्याग्रह झाला. तरुण एस. एम. जोशीही त्यात होते. सत्याग्रहींना मारहाण झाली. दार त्या वेळी उघडले नाही. संतांच्या वाणीवर कीर्तने तर त्याही काळी पुण्यात होतच होती. पुढे १९४७ च्या मे महिन्यात पंढरपूरच्या विठोबासाठी साने गुरुजींना प्राण पणाला लावून उपोषण करावे लागले. याच्या उलट, जोतीराव फुल्यांनी १८६८ साली आपल्या घरचा पाण्याचा हौद अस्पृश्यांना खुला केला, तेथे भिंतीवर काय लिहिले आहे असे कोणी विचारले नाही. म्हणून समतेचे वचन लिहिण्याआधी गावाने पाहावे की पंगतीत कोण शेवटी बसतो, पालखीला कोणाचा खांदा लागत नाही, उत्सवाच्या समितीत कोणत्या आळीचे नाव कधीच येत नाही. भिंतीवर एक आणि उंबऱ्यावर दुसरे, हे पोरांच्या ध्यानात फार लवकर येते.

देणगीदारांनी एक बोलणे पोटात घालावे. वडिलांच्या स्मरणार्थ पैसे दिले, त्यांचे नाव दिसावे, ही इच्छा अगदी रास्त आहे. पण वचनाखाली मोठ्या अक्षरांत नाव आले, की वाचणाऱ्याला ते वचन वडिलांचेच वाटते. नावांसाठी प्रवेशाजवळ निराळी शिला असावी, आणि तीवर लाखाची देणगी व दुधाच्या पैशांतून शंभर रुपये देणाऱ्या बाईची देणगी एकाच मापाच्या अक्षरांत यावी.

बाकी व्यवहार थोडक्यात. नव्या गिलाव्याची ओल पुरती सुकल्यावाचून ऑइल पेंट लावू नये, पोपडे धरतात. दगडात कोरलेले टिकते, मात्र चूकही तितकीच टिकते. प्रत्येक वचन कोणत्या प्रतीतून घेतले, अभंगाचा क्रमांक कोणता, हे देवस्थानच्या दप्तरात लिहून ठेवावे, कारण निरनिराळ्या प्रतींत क्रमांक निराळे पडतात. आणि रंगाऱ्याने आधी खडूने अक्षरे आखून आठ दिवस तशीच ठेवावीत. काकड्याला येणारी म्हातारी माणसे वाचतील, वाचता न येणाऱ्यांना वाचून दाखवितील, चुकले असेल तेथे बोट ठेवतील. तोवर खडू ओल्या फडक्याने पुसता येतो.