तेरा भागांची न झालेली मालिका

(स्नेहमेळाव्याच्या दुसऱ्या दिवशी केलेल्या भाषणाचा मजकूर)



समितीने मला 'पडद्यामागच्या गमतीजमती' सांगायला उभं केलंय. गेली तीसेक वर्षं मी गोरेगावला मालिकांचे सेट लावतो, तेव्हा गमती पुष्कळ आहेत. त्या जेवताना सांगेन. माईकवर मात्र अशा एका मालिकेबद्दल बोलतो, जी झालीच नाही.

रविवारी सकाळी दूरदर्शनवर 'स्टार ट्रेक' लागायचं, ते आठवतंय ना? ज्याच्या घरी टीव्ही, त्याच्या दारात चपलांचा ढीग. इंग्रजी अर्धंमुर्धं कळायचं, पण स्पॉकचे कान कळायचे. आपण बघत होतो ते भाग तेव्हाही जुनेच होते. अमेरिकेत ती मालिका १९६६ ते १९६९ अशी तीनच वर्षं चालली. एकूण ७९ भाग झाले आणि प्रेक्षक कमी म्हणून बंद केली. मग गावोगावच्या छोट्या वाहिन्यांनी ते जुने भाग पुन्हा पुन्हा दाखवले आणि मेलेली मालिका जिवंत असतानापेक्षा जास्त लोकप्रिय झाली. इतकी, की चाहत्यांच्या पत्रांच्या रेट्यामुळे १९७६ साली नासाच्या पहिल्या स्पेस शटलला मालिकेतल्या यानाचं नाव द्यावं लागलं, 'एंटरप्राइज'.

हे बघून पॅरामाउंट कंपनीने १९७७ साली जाहीर केलं, की आम्ही अमेरिकेतलं चौथं मोठं टीव्ही नेटवर्क काढतोय आणि त्याचा मुख्य आधार असेल नवी मालिका, 'स्टार ट्रेक : फेज टू'. सुरुवातीचा दोन तासांचा भाग आणि पुढचे तेरा भाग, अशी तयारी सुरू झाली. लेखकांना पटकथा वाटून दिल्या, यानाचे सेट बांधायला घेतले. स्पॉकचं काम करणारा लेनर्ड निमॉय रोजच्या मालिकेत यायला तयार नव्हता, म्हणून झॉन नावाचा नवा, तरुण व्हल्कन शास्त्रज्ञ लिहिला गेला. स्पॉक अर्धा माणूस होता. हा पूर्ण व्हल्कन. स्पॉक भावना दाबायचा, याला त्या समजून घ्यायच्या होत्या. त्यासाठी डेव्हिड गोत्रो या नटाची निवड झाली. कर्कच्या हाताखाली डेकर नावाचा नवा अधिकारी आला आणि यानाची दिशा सांभाळायला आयलिया नावाची, डोक्यावर एकही केस नसलेली परग्रहावरची स्त्री आली.

ही आयलिया म्हणजे आपल्या मुंबईची पर्सिस खंबाटा. १९६५ची मिस इंडिया. तिची निवड वेगळी होती हे लक्षात घ्या. मालिका चालली असती, तर १९७८पासून दर आठवड्याला अमेरिकेच्या घराघरांत मुंबईतली एक पारशी मुलगी यानाच्या सुकाणूपाशी बसलेली दिसली असती. दोन वाक्यं बोलून जाणारी पाहुणी म्हणून नाही, रोजच्या नोकरीवरची बाई म्हणून. त्या काळी तिकडच्या पडद्यावर हिंदुस्थानी माणूस म्हणजे बहुतेक साधू, महाराजा नाहीतर नोकर.

मग बिनसलं कुठे? आमच्या धंद्यात बिनसतं तिथेच, जाहिरातींत. नव्या नेटवर्कला पुरेसे जाहिरातदार मिळेनात आणि नेटवर्कचा बेत बारगळला. त्याच वर्षी मे महिन्यात 'स्टार वॉर्स' आला होता आणि नोव्हेंबरमध्ये 'क्लोज एन्काउंटर्स'. अंतराळावर एवढा पैसा मिळत असेल तर मालिका कशाला, चित्रपटच करू, असा हिशेब झाला. मालिका होणार नाही हे ठरल्यावरही काही दिवस लेखक भाग लिहीतच होते, कारण बाहेर बोलायचं नव्हतं. मार्च १९७८मध्ये चित्रपटाची घोषणा झाली. दिग्दर्शक रॉबर्ट वाइज, आणि निमॉय परतलेला. म्हणजे झॉन बाद.

इथे मला त्या सेटवरच्या सुतारांची आठवण येते, न भेटलेल्या. माझ्या हातून एकदा असं झालंय: एका वाहिनीसाठी आम्ही प्रयोगशाळेचा सेट लावला, मुलांच्या विज्ञानमालिकेसाठी. बावीस दिवस, दोन पाळ्या. रंगाचा शेवटचा हात वाळायच्या आत निरोप आला, मालिका रद्द. दुसऱ्या दिवशी त्याच प्लायवर आम्ही एका सासूबाईंचं देवघर उभं केलं. रंगारी मला म्हणाला, "दादा, बटणं काढू का तशीच ठेवू?" देवघराच्या मागच्या बाजूला ती बटणं अजून असतील.

'फेज टू'च्या सेटचं नशीब बरं. ते वाढवून, बदलून चित्रपटात वापरले, आणि त्यातलं बरंच पुढे १९८७च्या 'नेक्स्ट जनरेशन' मालिकेतही आलं. कल्पनांचंही तसंच. डेकर आणि आयलियाची जुनी ओढ 'नेक्स्ट जनरेशन'मध्ये रायकर आणि ट्रॉय यांच्यात दिसते. माणसाच्या भावना समजून घ्यायला धडपडणारा झॉन तिथे यंत्रमानव डेटा होऊन आला. १९८८मध्ये अमेरिकेतले लेखक संपावर गेले तेव्हा कपाटातली एक जुनी पटकथा, 'द चाइल्ड', काढून नव्या पात्रांसाठी बेतली आणि दुसऱ्या पर्वाचा पहिलाच भाग केला. चौथ्या नेटवर्कचा हट्ट धरणारे बॅरी डिलर पुढे फॉक्समध्ये गेले आणि १९८६ साली त्यांनी तिथे ते करून दाखवलं. पॅरामाउंटचं स्वतःचं नेटवर्क १९९५च्या जानेवारीत आलं, आणि त्याची सुरुवात कशाने झाली? नव्या 'स्टार ट्रेक' मालिकेने, 'व्हॉयेजर'ने. १९७७चा बेत सतरा-अठरा वर्षांनी जसाच्या तसा.

म्हणून काही जण म्हणतात, वाया काहीच गेलं नाही. मला हे पटत नाही. कल्पना कपाटात टिकतात. नटाचं वय टिकत नाही. गोत्रोने झॉनसाठी महिनोन्‌महिने तयारी केली होती. चित्रपटात त्याला एका अंतराळ-ठाण्याच्या प्रमुखाचं काम मिळालं. थोडा वेळ पडद्यावर दिसतो, आणि ठाणं नष्ट होतं.

आणि पर्सिस? डिसेंबर १९७९मध्ये 'स्टार ट्रेक : द मोशन पिक्चर' आला. चार कोटी डॉलरच्या वर खर्च. तिने खरोखर डोकं भादरून घेतलं आणि जगभर तिचा तो चेहरा गाजला. पण चित्रपट ज्यांनी बघितलाय त्यांनी आठवा. आयलिया यानावर येते, जागेवर बसते, आणि थोड्याच वेळात ते महाकाय यंत्र तिला उचलून नेतं. पुढे पडद्यावर फिरते ती आयलियाच्या रूपातली एक यंत्रणा, सपाट आवाजात बोलणारी. तेरा भागांत हळूहळू उलगडायची बाई पहिल्या तासाभरात संपली. यंत्राचं काम तिने चांगलंच केलं, तो दोष तिचा नाहीच. पण आठवड्यामागून आठवडा एकाच माणसाकडे बघत राहिल्यावर जी ओळख होते, ती मालिकाच देऊ शकते. चित्रपटाला तेवढा वेळ नसतो. आमच्याकडे लोक मालिकांना नावं ठेवतात, मीही ठेवतो, पण एवढं श्रेय त्यांना द्या.

१९८०च्या ऑस्कर सोहळ्यात पुरस्कार द्यायला ती मंचावर होती. त्यानंतर 'नाइटहॉक्स', 'मेगाफोर्स' असे काही चित्रपट. तशी दुसरी भूमिका आली नाही. १९९८च्या ऑगस्टमध्ये मुंबईतच हृदयविकाराने गेली, पन्नाशीही पुरी झाली नव्हती.

'फेज टू'वर एक जाडजूड इंग्रजी पुस्तक आहे, जुडिथ आणि गारफिल्ड रीव्ज-स्टीव्हन्स यांचं. रेखाटनं आहेत, पटकथा आहेत. माझी प्रत आज सकाळी शाळेच्या ग्रंथालयात दिली. पृष्ठं सुटायला आलीत, तेवढी बांधून घ्या. आणि बाई, एक विनंती: ते कुलुपाच्या कपाटात नको, आठवी-नववीच्या मुलांच्या हाती द्या. आता जेवायची घंटा होईल, सासूबाईंच्या देवघराची उरलेली गोष्ट पंगतीत सांगतो.