फुलांचा वॉल्ट्झ : सूर आणि चित्र



संगीताला चित्राची जोड दिली की श्रोत्याच्या कल्पनेला कुंपण पडते, असा आक्षेप जाणकार घेत आले आहेत. तो निराधार नाही. सूर प्रत्येकाला निराळे काही सांगतो. पडद्यावरचे चित्र मात्र सर्वांना एकच. वॉल्ट डिस्ने यांच्या १९४० सालच्या ‘फँटेशिया’ या चित्रपटातील ‘फुलांचा वॉल्ट्झ’ हा काही मिनिटांचा भाग या आक्षेपाच्या कसोटीला लावून पाहण्याजोगा आहे.

मूळ रचना चायकोव्स्कीच्या ‘नटक्रॅकर’ या बॅलेतील. हा बॅले १८९२ च्या डिसेंबरात सेंट पीटर्सबर्ग येथे रंगभूमीवर आला. नाताळची रात्र, लाकडी बाहुला, मिठाईचे राज्य असे त्याचे कथानक. डिस्नेच्या चित्रकारांनी ते सर्वस्वी बाजूस सारले. लिओपोल्ड स्टोकोव्स्की यांनी संचालित केलेले संगीत तेवढे घेतले.

वॉल्ट्झ तीन मात्रांचा. पहिलीवर भार, पुढील दोन हलक्या. दादऱ्याच्या तीन-तीन मात्रांच्या खंडांना सरावलेल्या कानांना हा झोका अगदीच परका वाटू नये. या झोक्यावर नर्तकांची जोडी स्वतःभोवती गिरकी घेते आणि त्याच वेळी दालनभर फिरतही राहते. ही दुहेरी गती निसर्गात कोठे आढळते? देठापासून सुटलेल्या पानात. म्हणूनच नावात फुले असूनही पडद्यावर प्राधान्य शरदातील पानांना आहे. पऱ्यांच्या स्पर्शाने ती पिवळी पडतात आणि भोवंडत खाली येतात. मागोमाग रुईच्या कुळातील एका वनस्पतीची बीजे, आपल्या मुलांच्या ‘म्हाताऱ्या’च जणू, पांढरे झगे फुलवून तरंगू लागतात. मग गोठत्या तळ्यावर दहिवराच्या पऱ्या घसरतात आणि शेवटी हिमकण गिरक्या घेत उतरतात.

मूळ सुरावट उत्सवाची आहे. तीत विषाद नाही. चित्राने तिच्यात सरत्या ऋतूची जाणीव मिसळली. ही भर संगीतकाराची नव्हे, हे मान्य करावेच लागते. परंतु ती लयीबाहेरून आणलेली नाही. त्या गिरकीतूनच ती उमलली आहे. संगीतावर गोष्ट लादणारे चित्र कल्पनेला बांधून ठेवते, त्याच्यापुरता मूळ आक्षेप खराच. संगीताची गती ओळखणारे चित्र मात्र कानाला अधिक सावध करते. हा वॉल्ट्झ पुढे केव्हा नुसता ऐकला, तर पऱ्या कदाचित आठवणार नाहीत. पान गळतानाची ती गिरकी मात्र सुरांतच ऐकू येईल.